मायेव्स्कींचे संगीत त्यांच्या चित्रपटांना तारते की जखडून ठेवते?

मूळ धागा : मंद्रसप्तक

आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांमध्ये पोलिश चित्रपटाचा विषय निघाला की वाइदा, किश्लोव्स्की आणि पोलान्स्की या तीन नावांपाशी तो सहसा संपतो. लेख मायेव्स्की यांचे नाव क्वचित निघते, आणि निघाले तरी 'ब्रॉयगेलच्या (सोळाव्या शतकातल्या फ्लेमिश चित्रकाराच्या) चित्रात शिरणारा दिग्दर्शक' एवढ्या ओळखीवर भागवले जाते. १९५३ साली कातोवित्से येथे जन्मलेला हा कलावंत कवी आणि कादंबरीकार आहे, चित्रकार आहे, त्याने ऑपेरा बसवले आहेत, व्हिडिओ-कलाकृती केल्या आहेत आणि आपल्या अनेक चित्रपटांच्या संगीताचा तो सहसंगीतकारही आहे. २००६ साली न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने त्याच्या कामाचा सिंहावलोकनपर महोत्सव भरवला होता. तरीही समीक्षकांच्या लिखाणात 'बहुमुखी' हे विशेषण त्याच्या नावापुढे लागते ते बहुतेकदा शंकेच्या सुरात: इतके सगळे करणाऱ्या माणसाला त्यातले एक तरी तडीस नेता आले का, असा त्यामागचा प्रश्न असतो.

माझे म्हणणे असे आहे की संगीतकार मायेव्स्की बाजूला ठेवून दिग्दर्शक मायेव्स्की समजूच शकत नाही. त्यांचे जे चित्रपट उभे राहिले, ते संगीताच्या घडणीवर उभे राहिले. जे कोसळले, ते ती घडण सोडून गोष्ट सांगायला निघाले म्हणून कोसळले.

सुरुवातीपासून पाहू. वॉर्सॉच्या ललित कला अकादमीत चित्रकला शिकत असताना ते वुचच्या (आपण ज्याला लॉड्झ म्हणतो त्या) चित्रपट विद्यालयाकडे वळले. तिथे वोइचेख हास त्यांचे गुरू होते. 'द सारागोसा मॅन्युस्क्रिप्ट'मध्ये गोष्टीच्या पोटात गोष्ट आणि तिच्या पोटात आणखी एक गोष्ट बसवणाऱ्या हासांकडून कथानकाच्या सरळ रेषेवर विश्वास न ठेवण्याचा धडा त्यांना मिळाला असणार, असे मला वाटते. १९८० सालच्या 'रित्सेश' (सरदार) या चित्रपटात त्यांचा नायक सोन्याच्या तारांची वीणा शोधायला निघतो, कारण तिच्या सुरांनी राज्यात पुन्हा मेळ नांदेल अशी श्रद्धा आहे. कारकिर्दीच्या आरंभीच ज्याच्या नायकाला तलवार किंवा राजकन्या नव्हे, तर एक वाद्य हवे असते, त्या दिग्दर्शकाच्या मनात संगीताची जागा कोणती होती हे वेगळे सांगायला नको.

त्यानंतरची परदेशातली वर्षे मी भराभर ओलांडतो. लंडनमध्ये त्यांनी थेम्स नदीवर होमरच्या 'ओडिसी'चा प्रयोग केला, अमेरिकेत 'फ्लाइट ऑफ द स्प्रूस गूस' (१९८६) केला, रेल्वे दरोड्यातल्या रॉनी बिग्जवर 'प्रिझनर ऑफ रिओ' (१९८८) केला, आणि व्हिगो मॉर्टेन्सन प्रसिद्ध होण्याच्या कितीतरी आधी त्यांना घेऊन 'गॉस्पेल अकॉर्डिंग टू हॅरी' (१९९४) केला. चित्रकार बास्कियावरच्या चित्रपटाची कल्पना त्यांची होती. तो १९९६ साली पडद्यावर आणला ज्युलियन श्नाबेल यांनी. या सगळ्या कामात धडपड आहे, हुशारी आहे, पण एखाद्या चौकटीवर बोट ठेवून ही मायेव्स्कींचीच असे म्हणता येईल, असे फारसे काही नाही.

तसे म्हणता येते ते 'पोकुय सारेन' (हरणांची खोली) या कृतीपासून. हा मुळात ऑपेरा आहे. शब्द मायेव्स्कींच्या कवितेतले, संगीत त्यांचे आणि युझेफ स्क्शेक यांचे. १९९६ साली तो बितोमच्या सायलेशियन ऑपेरात (सायलेशिया म्हणजे दक्षिण पोलंडमधला कोळशाच्या खाणींचा प्रांत) रंगमंचावर आला आणि १९९७ मध्ये त्याचा चित्रपट झाला. आई, वडील आणि मुलगा अशा तिघांचे जुन्या इमारतीतले एक घर आहे. जेवणाचे टेबल, पलंग, भिंतीवरचा ओलावा, सगळे अगदी ओळखीचे. वर्षाचे ऋतू या घराच्या आत फिरतात. जमिनीतून गवत उगवते, घरातच झाड वाढते, पानगळ होते, आणि एके ठिकाणी खोलीत हरणे चरताना दिसतात. कोणीही दचकत नाही. या घटनांना कारण दिलेले नाही, आणि ते मागावेसेही वाटत नाही, कारण गायलेल्या ओळीला आपण कारण विचारत नाही. तीच हरणे संवाद बोलणाऱ्या चित्रपटात आली असती तर त्यांचे प्रतीक करून टाकावे लागले असते. इथे ती केवळ येतात, जशी एखादी स्वरावली परत येते.

ब्रॉयगेलच्या चित्रावर बेतलेल्या 'द मिल अँड द क्रॉस'चा (२०११) पाया इथे आहे. पहाट होते. कड्यावरच्या पवनचक्कीत गिरणीवाला उठतो, लाकडी जिना चढतो, अजस्र चाके करकरत हलू लागतात आणि त्या करकरीसरशी खाली गावात एकेक घर जागे होते. कोणी दार उघडते, पोरे गादीत मस्ती करतात, एक जोडपे वासरू घेऊन बाजाराला निघते. पहिला बराच काळ बोलणे जवळजवळ नाही. लाकूड, वारा, पावले, कोंबडे यांची एक विलंबित लय बांधली जाते, आणि लाल डगल्यातले घोडेस्वार त्या जोडप्यातल्या पुरुषाला पकडून, मारून, चाकाला बांधून उंच खांबावर चढवतात, तेव्हा ती लय तुटत नाही. चक्की फिरतच राहते. त्या दृश्यातली भीषणता याच न तुटण्यात आहे. हे काम संकलकाच्या टेबलावर सुचणारे नव्हे. ते आधी कानात वाजलेले असावे लागते.

आपली मते जाणून घ्यायला आवडेल, विशेषतः विरोधी मते.

प्रतिसाद : चौकट

लेखन मनापासून केलेले आहे आणि 'पोकुय सारेन'विषयी मराठीत कोणीतरी इतके लिहिले याचा आनंद आहे. मूळ प्रतिपादनाशी मात्र मी असहमत आहे.

पहिली गोष्ट श्रेयाची. धाग्यात स्क्शेक यांचे नाव एकदा आले आणि पुढे सगळे 'मायेव्स्कींच्या कानात वाजलेले' झाले. युझेफ स्क्शेक हे कोणी साहाय्यक नव्हेत. 'एसबीबी' या सायलेशियन रॉक त्रयीचे ते प्रमुख, सत्तरच्या दशकापासून मूग सिंथेसायझर आणि पियानो यांवर स्वतःची भाषा घडवलेले संगीतकार आहेत. 'द मिल अँड द क्रॉस'मध्ये संगीताचे श्रेय दोघांचे आहे, छायाचित्रणाचे श्रेय आदाम शिकोरा यांच्यासह आहे, आणि पटकथेचे श्रेय मायकेल फ्रान्सिस गिब्सन यांच्यासह आहे, ज्यांच्या ब्रॉयगेलवरील पुस्तकातून चित्रपट उगवला. म्हणजे ज्या कृतीला आपण 'सगळे एकहाती' करण्याचा पुरावा मानता, ती प्रत्येक अंगाने दुहाती आहे. बहुमुखी कलावंताचे कौतुक करताना शेजारी उभा असलेला माणूस पुसला जातो, ही माझी पहिली तक्रार आहे.

दुसरी गोष्ट अधिक मूलभूत आहे. जे चित्रपट जमले ते संगीतामुळे जमले आणि जे फसले ते संगीत सुटल्यामुळे फसले, हे विधान खोटे ठरवण्याची सोयच त्यात ठेवलेली नाही. चित्रपट आवडला की त्यात संगीताची घडण सापडणार आणि नावडला की ती हरवलेली दिसणार. 'व्हॅली ऑफ द गॉड्स'चे (२०१९) उदाहरण घ्या. तीन धागे, नवाहो दंतकथा, युरेनियमची खाण, जगातला सर्वांत श्रीमंत माणूस म्हणून जॉन माल्कोविच, लेखक म्हणून जॉश हार्टनेट आणि शेवटी शहर तुडवणारे एक प्रचंड मूल. आवर्तने, पुनरुक्ती, विलंबित लय, सगळे आहे. आपल्या कसोटीने तो चित्रपट उत्तीर्ण व्हायला हवा. तो होत नाही, कारण पटकथेच्या टप्प्यावर 'हे तीन विषय एकत्र नांदत नाहीत' असे ठणकावून सांगणारे कोणी त्यांच्याजवळ नव्हते, असे मला वाटते. लेखक, दिग्दर्शक आणि निर्माता एकच असला की हे सांगायचे कोणी?

याउलट किश्लोव्स्की आणि त्यांचे संगीतकार प्रायस्नर यांच्याकडे पाहा. 'थ्री कलर्स : ब्ल्यू'मध्ये (१९९३) संगीत हाच कथेचा विषय आहे, आणि ते चित्रीकरणाच्या आधी लिहून झाले होते. दिग्दर्शकाने स्वतः एक सूरही रचलेला नाही. तरी त्या चित्रपटात नायिका ज्युली कॅफेत बसलेली असताना किंवा पोहण्याच्या तलावात असताना सूर एकदम अंगावर येतो आणि पडदा काळा होतो, तेव्हा संगीत आणि चित्र यांची जी टक्कर होते, तशी टक्कर मायेव्स्कींच्या चित्रपटांत मला कधीही ऐकू आली नाही. त्यांच्याकडे संगीत चित्राशी नेहमी सहमत असते. दोन वेगळी मने असली की मतभेद होतात, आणि मतभेदातूनच चित्रपटात हवा खेळते.

प्रतिसाद : शिशिर

चौकट यांच्या श्रेयाविषयीच्या मुद्द्याला पूर्ण अनुमोदन. टक्करीच्या मुद्द्याला मात्र नाही.

आपल्याला हा वाद नवा नाही. सत्यजित राय यांनी रविशंकर, विलायत खाँ आणि अली अकबर खाँ यांच्यासारख्या दिग्गजांबरोबर काम केले आणि १९६१ सालच्या 'तीन कन्या'पासून स्वतःच्या चित्रपटांचे संगीत स्वतः द्यायला सुरुवात केली. 'चारुलता'मध्ये झोपाळ्यावर बसलेली चारू अमलकडे पाहते त्या प्रसंगात संगीत आणि चित्र यांच्यात मतभेद कुठे आहेत? त्या दृश्याची ताकद त्यांच्या एकमतात आहे. संगीतकार वेगळा असला तर चित्रपट श्रेष्ठ होतो, असा नियम रायांच्या कारकिर्दीवरून तरी काढता येत नाही. आणि ज्यांना तो काढायचा आहे त्यांनी 'पथेर पांचाली'चे संगीत पुढे केले, तर 'चारुलता' त्यांच्या आड येते.

मला आणखी एक गोष्ट नोंदवायची आहे, जी दोघांच्याही लिखाणात सुटली. मायेव्स्की आणि स्क्शेक दोघेही सायलेशियाचे. कातोवित्से हे कोळशाच्या खाणींचे शहर म्हणून आपण ओळखतो, पण ते पोलिश संगीताचेही मोठे केंद्र आहे. संगीतकार वोइचेख किलार आयुष्याचा मोठा भाग तिथे राहिले. हेन्रिक गुरेत्स्की तिथल्याच संगीत अकादमीत शिकवत होते, आणि त्यांची १९७६ सालची तिसरी सिंफनी, 'शोकगीतांची सिंफनी', ज्या तऱ्हेने एकच स्वराकृती हळूहळू, थर चढवत, कमालीच्या संयमाने वर नेते, तिच्याशी 'द मिल अँड द क्रॉस'च्या पहाटेचे नाते मला स्पष्ट दिसते. गुरेत्स्कींचे अनुकरण झाले असे मी म्हणत नाही. एकाच प्रांतातल्या चर्चमधला ऑर्गन, खाणकामगारांचे वाद्यवृंद आणि स्त्रियांची भजने ऐकत वाढलेल्या माणसांची काळाविषयीची समज सारखी असू शकते, एवढेच म्हणतो. चौकट यांना जो मतभेदांचा अभाव वाटतो, तो मला एका प्रदेशाचा स्वभाव वाटतो. प्रायस्नरांच्या संगीतात नाट्य आहे; या लोकांच्या संगीतात धीर आहे. एकाच्या मापाने दुसऱ्याला मोजू नये.

प्रतिसाद : धूसर

तिन्ही प्रतिपादने वाचली. माझा कल चौकट यांच्याकडे आहे, पण कारण निराळे आहे. संगीत किंवा बहुमुखीपणा यांपैकी कशानेही मायेव्स्कींच्या यशापयशाचा उलगडा होत नाही, असे माझे मत आहे. त्यांचे चांगले चित्रपट समोर मांडून पाहावेत.

'वोयाचेक' (१९९९) हा मिकोवूव येथे जन्मलेल्या आणि १९७१ साली व्रोत्स्वाफमध्ये पंचविशीत मरण पावलेल्या राफाव वोयाचेक या कवीवरचा चित्रपट आहे. भूमिका केली आहे क्शिश्तोफ शिव्चिक यांनी, जे स्वतः कवी आहेत. शिकोरांच्या कृष्णधवल छायाचित्रणात हा कवी खिडकीच्या काचेतून आरपार जातो, दारूच्या गुत्त्यात बसून राहतो, वारंवार मरायला निघतो, आणि दिग्दर्शक त्याच्यावर दया करत नाही की त्याला संतपदही देत नाही. नंतर 'आंगेलुस' येतो. कातोवित्सेच्या यानूव भागातल्या खाणकामगार चित्रकारांवरचा हा चित्रपट, आणि माझ्या मते त्यांचा सर्वोत्तम. तेओफिल ओचेप्का आणि त्यांचे सहकारी दिवसभर जमिनीखाली कोळसा काढत आणि वर आल्यावर शनी ग्रहावरचे प्राणी, देवदूत आणि ड्रॅगन रंगवत. गूढविद्येचा त्यांचा एक गट होता. चित्रपटात त्यांचा गुरू मृत्युशय्येवर तीन भाकिते करतो: महायुद्ध, त्यामागून लाल राजवट, आणि शेवटी शनीवरून येणारा जगाचा नाश करणारा किरण, जो एखाद्या निष्पाप तरुणाने स्वतःच्या अंगावर घ्यायचा आहे. पहिली दोन भाकिते खरी ठरतात, म्हणून ही साधी कामगार माणसे तिसऱ्याच्या तयारीला लागतात. प्रत्येक चौकट त्यांच्या चित्रांसारखी सपाट, समोरासमोर, भडक रंगांची. कथन सायलेशियन बोलीत. युद्ध आणि स्टालिनशाही या दोहोंनी भरडून निघालेल्या प्रांताने आपला इतिहास दंतकथेच्या स्वरूपात कसा सांभाळला, ते इतक्या मायेने सांगणारा दुसरा चित्रपट मला ठाऊक नाही.

आता पाहा: वोयाचेक, ओचेप्का, ब्रॉयगेल. मायेव्स्की उंची गाठतात तेव्हा ते दुसऱ्या कोणाच्या तरी निर्मितीच्या आत उभे असतात. तिथल्या भिंती त्यांनी बांधलेल्या नसतात, आणि म्हणूनच त्यांना त्यांचा धाक असतो. ब्रॉयगेलचे १५६४ सालचे 'क्रूस वाहणे' हे चित्र साधारण पावणेदोन मीटर रुंद आहे आणि त्यात पाचशेवर माणसे आहेत. ती कुठे उभी आहेत हे बदलण्याची मुभा दिग्दर्शकाला नव्हती. ज्या ठिकाणी त्यांनी स्वतःचे पुराण रचले, म्हणजे 'व्हॅली ऑफ द गॉड्स'मध्ये, तिथे कोणाचाच धाक उरला नाही.

जाता जाता एक: ते लाल डगलेवाले. चित्रपटात ते स्पेनच्या राजाचे जुलमी शिपाई म्हणून येतात आणि प्रेक्षकाला ड्यूक ऑफ आल्बा या स्पॅनिश सेनापतीची राजवट आठवते. आल्बा नेदरलँड्समध्ये आला १५६७ साली, म्हणजे चित्र पूर्ण झाल्यानंतर तीन वर्षांनी. दडपशाही आधीपासून होतीच, त्यामुळे चित्रपट खोटा ठरत नाही. परंतु ज्यांना हा चित्रपट इतिहासाचा धडा म्हणून शाळा-महाविद्यालयांत दाखवायचा आहे, त्यांनी हे सांगून दाखवावा.

प्रतिसाद : मंद्रसप्तक (धागाकर्ता)

सर्वांचे आभार. एकेकाला उत्तर देतो.

चौकट, माझी कसोटी पडताळता येत नाही असे आपण म्हणता, तेव्हा ती पडताळता येईल अशा शब्दांत मांडतो. संगीताच्या घडणीने माझ्या मते तीन गोष्टी अपेक्षित आहेत. चित्रपटाचा काळ एखाद्या पूर्ण आवर्तनावर बांधलेला असावा, त्यातली प्रतिमा परत येताना अर्थाने वाढलेली असावी, आणि संवादाने जे सांगितले जाते ते काढून टाकले तरी रचना उभी राहावी. 'पोकुय सारेन' एका वर्षावर बांधलेला आहे, 'द मिल अँड द क्रॉस' जवळजवळ एका दिवसावर. ब्रॉयगेल कोळ्याच्या जाळ्याकडे पाहून आपल्या चित्राचा केंद्रबिंदू ठरवतो, आणि पुढे गिरणीवाल्याने हात वर करताच चक्की थांबते, सगळा जनसमुदाय जागच्या जागी थिजतो, तेव्हा ते जाळे आपल्याला पुन्हा दिसते, या वेळी माणसांचे. रटगर हाऊअर, मायकेल यॉर्क आणि शार्लट रॅम्पलिंग या तिघांशिवाय त्या चित्रपटात कोणी धड बोलतही नाही, आणि त्या तिघांचे बोलणे गाळले तरी तो कळतो. 'व्हॅली ऑफ द गॉड्स' या तिन्ही ठिकाणी कमी पडतो. त्याला आवर्तन नाही, प्रकरणे आहेत. आणि संवाद गाळले तर हार्टनेटचा लेखक त्या प्रासादात कशासाठी आला हेही कळणार नाही. लय संथ असली म्हणजे संगीत झाले, असे मी म्हटलेले नाही.

बिनसंवादाच्या कसोटीचे आणखी एक उदाहरण आहे. 'ब्लड ऑफ अ पोएट' ही ३३ व्हिडिओ-कलाकृतींची मालिका, जी २००७ च्या व्हेनिस बिनालेत दाखवली गेली आणि जिच्यातून 'ग्लास लिप्स' हा चित्रपट निघाला. त्यात संवाद नाहीतच. ती दालनात वेगवेगळ्या पडद्यांवर चालू असताना प्रेक्षक कुठूनही सुरुवात करू शकतो. कथानकावर उभ्या असलेल्या कृतीला हे परवडले नसते.

धूसर, आपला मुद्दा मला सर्वांत जड वाटतो. दुसऱ्याच्या निर्मितीचा धाक, हे निरीक्षण 'आंगेलुस'ला चपखल लागू पडते. पण 'पोकुय सारेन'चे काय? तिथे ओचेप्का नाहीत, ब्रॉयगेल नाहीत. घर त्यांचे, आईवडील त्यांचे, कविता त्यांची. तरी ती कृती सैल पडत नाही. आणि २०१४ च्या 'प्शे पोले'मध्ये तर दान्तेचा भक्कम आधार होता. सुपरमार्केटच्या फरशीवर बैल जुंपून नांगरणी होते आणि चर्चच्या घुमटातून पाणी कोसळते, ही दृश्ये अविस्मरणीय आहेत. तरी संपूर्ण चित्रपट मला त्या दृश्यांच्या उंचीवर राहिलेला वाटत नाही. म्हणजे दुसऱ्याची भिंत असूनही तोल जाऊ शकतो आणि नसूनही राहू शकतो.

प्रतिसाद : धूसर

'पोकुय सारेन'मध्ये धाक नव्हता असे कसे म्हणता येईल? ऑपेरा हा प्रकारच धाकाचा आहे. गायकाच्या श्वासाला मर्यादा असते, वाद्यवृंदाला मात्रा मोजाव्या लागतात, बितोमच्या रंगमंचावर तो आधी उभा करून दाखवावा लागला होता. शिवाय चार ऋतूंचा क्रम कोणालाही बदलता येत नाही. तिथे ब्रॉयगेलचे काम ऋतुचक्राने केले. 'प्शे पोले'विषयी आपल्याशी सहमत आहे, मात्र माझ्या मते तिथे दान्ते भिंत म्हणून आलेले नाहीत. नायक वाचतो ते एक पुस्तक म्हणून आले आहेत. २०१० साली स्मोलेन्स्कजवळ पोलंडच्या राष्ट्राध्यक्षांसह कोसळलेले विमान, नायकाचा अपघात, राष्ट्रीय शोक आणि 'डिव्हाइन कॉमेडी' यांपैकी रचना कोणाच्या हाती द्यायची, हे तिथे ठरलेच नाही.

प्रतिसाद : मंद्रसप्तक (धागाकर्ता)

गायकाचा श्वास, मोजलेल्या मात्रा, न बदलता येणारा क्रम: आपण जिला धाक म्हणता आहात, तिलाच मी संगीताची घडण म्हणत होतो. फरक एवढाच की आपल्या मते ती बाहेरून लादलेली असली पाहिजे, आणि माझ्या मते ज्याला संगीत येते तो ती स्वतःवर लादून घेऊ शकतो. म्हणूनच मायेव्स्कींनी संगीतात हात घातला ही गोष्ट मला हौसेची वाटत नाही. ब्रॉयगेलच्या चित्राची पार्श्वभूमी त्यांनी स्वतः भल्या मोठ्या कापडावर रंगवली, पोशाख वनस्पतींच्या रंगात रंगवून हाताने शिवून घेतले, आणि मग संगणकावर एकेका दृश्याचे थर रचत कित्येक महिने काढले. प्रत्येक कलेत शिरून तिथली शिस्त अंगी बाणवून घेण्याची ही पद्धत आहे.

प्रतिसाद : चौकट

आता कसोटी पडताळण्याजोगी झाली, आणि 'पोकुय सारेन' तिच्यावर उतरतो हे मान्य करायला मला अडचण नाही. शिशिर यांचा गुरेत्स्कींचा दाखलाही विचार करण्यासारखा आहे. धीर आणि टक्कर या दोन वेगळ्या गरजा आहेत, हे मला पटते. तरीही 'स्वतःवर लादून घेतलेली' शिस्त या शब्दप्रयोगावर माझा आक्षेप कायम आहे. बितोमला संगीत वाजले तेव्हा मात्रा मोजणारा माणूस एकटा नव्हता. 'आंगेलुस'च्या वेळी नव्हता, ब्रॉयगेलच्या वेळीही नव्हता. सायलेशियातले ते दोघे मित्र पियानोपाशी बसल्यावर कोणता स्वर कोणाचा, याचा निवाडा बाहेरचा कोणी करू शकत नाही, आणि तो मायेव्स्कींच्या नावावर करून टाकण्याचा अधिकार तर आपल्यापैकी कोणालाच नाही. तेव्हा धाग्याच्या शीर्षकात 'मायेव्स्कींचे संगीत' आहे तिथे 'मायेव्स्की आणि स्क्शेक यांचे संगीत' अशी दुरुस्ती करावी, ही विनंती. ती झाली की मग 'व्हॅली ऑफ द गॉड्स'वर स्वतंत्रपणे बोलू, कारण त्या चित्रपटाविषयी माझे म्हणणे अजून संपलेले नाही.